डाव्या घोट्याजवळचा तीळ

तीर्थस्वरूप ताईस,

धाकट्याचा वाकून नमस्कार. भाऊजींनाही सांग. (ते पेपर वाचत असतील तर पेपर खाली ठेवेपर्यंत थांब, नाहीतर माझा नमस्कार वाया जातो.) तुझी पाठ कशी आहे? मागच्या पत्रात तू लिहिलं होतंस की पाठ आता बरी आहे पण गुडघा धरला आहे. म्हणजे दुखणं गेलेलं नाही, त्याची खालच्या मजल्यावर बदली झाली आहे, असं मी समजतो. तेल लावत जा आणि स्टुलावर चढून माळ्यावरचे डबे काढणं बंद कर. इकडे सर्व क्षेम आहे. अगदी काटेकोर सांगायचं तर आज दुपारी पावणेबारापासून क्षेम आहे. त्याआधीच्या सात आठवड्यांत मी पत्र लिहिलं नाही, कारण त्यात 'सर्व क्षेम' लिहिणं ही खोटी नोंद झाली असती.

तर बातमी आधी देतो आणि हकिकत मागून. आपल्या नातीचा पासपोर्ट आला. हातात आहे. पानं मोजून पाहिली, बरोबर आहेत. सगळी कोरी आहेत, पण त्यात तिचा काही दोष नाही. तू मागे फोनवर विचारलंस की एवढं तान्हं पोर, त्याच्या पासपोर्टची एवढी घाई कशाला, आणि मी 'सांगतो मग' म्हणून फोन ठेवला. आता सांगतो. लेक बाळंतपणाला माझ्याकडे आली त्याला साडेसहा महिने झाले. जावई परदेशात. बिचाऱ्याने स्वतःच्या मुलीला अजून फोनच्या काचेतूनच पाहिलं आहे. बायको-मुलीला तिकडे नेण्याची परवानगी त्याच्या कंपनीने महत्प्रयासाने मिळवली, पण ती चालणार या महिन्याच्या अखेरीपर्यंतच. ती तारीख चुकली की पुन्हा पहिल्यापासून अर्ज, आणि निदान वर्षभर तरी बाप तिकडे नि लेक इकडे. लेकीचे स्वतःचे कागद तयार होते. अडलं होतं ते साडेतीन महिन्यांच्या एका व्यक्तीवर, जी नुकती कुठे मान धरायला लागली होती आणि जिला आम्ही घरात 'मोठ्या साहेब' म्हणतो, कारण त्या उठल्या की सगळ्यांनी उठायचं आणि त्या झोपल्या की सगळ्यांनी चपला हातात घेऊन चालायचं.

कागदपत्रांचं काम अर्थातच माझ्याकडे आलं. मी नोंदणी कचेरीत चौतीस वर्षं काढली हे तुला सांगायला नको. पण तिथे मला काय म्हणत हे तुला मी कधी सांगितलं नव्हतं. 'त्रुटीसाहेब' म्हणत. कोणताही अर्ज माझ्या टेबलावर आला की मी त्यात निदान एक त्रुटी काढल्याशिवाय तो पुढे जाऊ देत नसे. सही रेघेच्या वर आहे, शाई दोन रंगांची आहे, पिनकोडातला सात एकासारखा दिसतो. लोक रडकुंडीला येत. मी मात्र रात्री शांत झोपत असे. (निवृत्तीच्या दिवशी सहकाऱ्यांनी मला शाल दिली आणि एक नवंकोरं जांभळ्या शाईचं स्टँप-पॅड दिलं. त्यात टोमणा होता हे मला दोन वर्षांनी समजलं.) असा माणूस घरात असताना अर्ज नाकारला जाईल कसा, असं लेकीला वाटलं. मलाही वाटलं.

पहिली पायरी फोटोची. कोपऱ्यावरच्या फोटोवाल्याकडे गेलो. नियम असे: मागे पांढरा पडदा, डोळे उघडे, तोंड मिटलेलं, दोन्ही कान दिसले पाहिजेत, चेहऱ्यावर कोणताही भाव नको, आणि चौकटीत दुसऱ्या कोणाचा हात नको. आता ताई, ज्या व्यक्तीला बसता येत नाही तिला हात न लावता बसवायचं कसं? फोटोवाल्याने साहेबांना पांढऱ्या चादरीवर झोपवलं आणि स्वतः स्टुलावर चढून वाकला. डोळे उघडे असले की तोंड उघडं, तोंड मिटलं की डोळे मिटलेले. आणि दोन्ही जमले की त्या हसत. आयुष्यभर 'हसा, हसा' म्हणून लोकांच्या मागे लागलेला तो माणूस साडेतीन महिन्यांच्या पोरीला 'हसू नकोस गं बाई' म्हणून विनवत होता. शेवटी तासाभराने त्यांनी सगळ्या अटी एकदम पुऱ्या केल्या, त्या आम्हा दोघांकडे बघून कंटाळल्या म्हणून. फोटोत भुवई किंचित वर, ओठ घट्ट, नजर समोरच्याच्या कागदावर. लेक म्हणाली, बाबा, ही हुबेहूब तुमच्या कचेरीतल्या फोटोसारखी दिसते. मी तो फोटो दिवसभरात सात-आठ वेळा काढून पाहिला.

मग फॉर्म. माझी पद्धत अशी की अर्ज अर्जदाराच्या माहितीत भरला गेला पाहिजे. लोकांकडून मी हे चौतीस वर्षं करून घेतलं, तर नातीला सवलत कशी देणार? साहेबांना मांडीवर घेतलं आणि एकेक प्रश्न वाचून दाखवला. आपल्याला यापूर्वी कोणत्या देशाने प्रवेश नाकारला आहे काय? त्यांनी जांभई दिली, ती मी नकारार्थी धरली. आपल्यावर एखादा गुन्हा दाखल आहे काय? इथे त्यांनी जरा विचार केला. (आदल्या दिवशी त्यांनी शेजारणीच्या चष्म्याची काडी मोडली होती, पण ते प्रकरण आपापसात मिटलं आहे.) सहीच्या जागी अंगठा घ्यायचा होता. फॉर्म एकच, म्हणून आधी कोऱ्या कागदावर तालीम करायचं ठरवलं आणि ते निवृत्तीचं स्टँप-पॅड पहिल्यांदा उघडलं. तान्ह्या मुलाची मूठ उघडणं म्हणजे काय हे तू दोन मुलं वाढवली आहेस, तुला ठाऊक आहे. अंगठा कागदावर सोडून सगळीकडे उमटला. माझ्या सदऱ्यावर, उशीवर, आणि शाईचा एक थेंब त्यांच्या डाव्या घोट्याजवळ. तो पुसायचा राहिला. पुढच्या पानावर रकाना होता: शरीरावरील ओळखखूण. माझा चष्मा आतल्या खोलीत राहिला होता. मी साहेबांकडे बघितलं, आणि लिहिलं: 'डाव्या घोट्याजवळ जांभळट तीळ.' लेकीने झोपेच्या तंद्रीत खाली सही केली. मी भरलेला फॉर्म तिने आजवर कधी वाचून पाहिलेला नाही.

अर्ज गेला, भेटीची तारीख तीन आठवड्यांनंतरची मिळाली. भेटीच्या आदल्या संध्याकाळी जावयाचा फोन आला. तो बोलायला फार कमी, तुला माहीत आहे. लग्नातही तो तुझ्याशी चारच वाक्यं बोलला होता आणि त्यातली दोन हवेबद्दल होती. त्याने फोन फिरवून आम्हाला ती खोली दाखवली. खिडकीशी छोटा पलंग, चारी बाजूंनी कठडा. सुट्या भागांतून स्वतः जोडलेला, आणि जोडून झाल्यावर दोन स्क्रू उरले म्हणून त्याने तो सगळा पुन्हा खोलून पुन्हा जोडला होता. दुसऱ्यांदा तीन उरले. म्हणून मग त्याने स्वतः गादीवर बसून पाहिलं होतं, मोडतो का ते. साठ-पासष्ट किलोचा माणूस, त्या एवढ्याशा पलंगात गुडघे पोटाशी घेऊन बसलेला मला दिसायला लागला. मग तो इतकंच म्हणाला, "बाबा, होईल ना वेळेत?" मी म्हटलं, होईल. आणि फोन ठेवल्यावर मला जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सरकारी कामाला जायचं म्हणून लेकीने साहेबांना घासूनपुसून आंघोळ घातली आणि मोजे चढवताना म्हणाली, "बाबा, हिचा तीळ कुठे गेला?" तीन आठवड्यांत एकवीस आंघोळी झाल्या होत्या, शाई किती टिकणार? कचेरीत पोचलो, टोकन घेतलं, बाकावर बसलो. समोरच्या फळीवर लाल आकडे बदलत होते. एकशे बारा, एकशे तेरा, आमचा एकशे एकवीस. ताई, ज्या माणसाने उभ्या आयुष्यात एक कागद खोटा जाऊ दिला नाही, त्याचा हात तिथे हळूच खिशाकडे गेला आणि पेन बाहेर आलं. मोजा काढायला एक क्षण, ठिपका काढायला एक क्षण. साहेब मांडीवर होत्या आणि मोठ्या उत्सुकतेने पेनाकडे बघत होत्या. लेक फळीवरच्या आकड्यांकडे बघत म्हणाली, "बाबा, पेन खिशात ठेवा." मी ठेवलं.

खिडकी नंबर चारवर एक बाई होत्या. गळ्यात साखळीने अडकवलेला चष्मा, पुढ्यात डबा, डब्यावर ठेवलेली पंचवीस-तीस पानांची फाइल. (डब्यावर फाइल ठेवणारी माणसं कामाची असतात, हा माझा अनुभव आहे.) त्यांनी फोटो पाहिला, साहेबांना पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला, मग माझ्याकडे पाहिलं आणि त्यांना काय वाटलं कोण जाणे, किंचित हसल्या. मग म्हणाल्या, ओळखखूण दाखवा. आम्ही डावा मोजा काढला. काही नाही. बाईंनी चष्मा लावला. काही नाही. त्यांच्या मनाचा मोठेपणा असा की त्यांनी उजवा मोजाही काढायला सांगितला, न जाणो लिहिणाऱ्याचा डाव्या-उजव्याचा घोटाळा झाला असेल. साहेबांनी दोन्ही पाय काउंटरवर ठेवून आनंदाने आपटले. दोन्ही पाय आरशासारखे लख्ख. बाईंनी पेन उचललं आणि लिहिलं: 'अर्जात नमूद केलेली ओळखखूण आढळून येत नाही. खुलासा व वैद्यकीय दाखला सादर करावा.' मी उलट्या बाजूने वाचलं. वाक्य छोटं, अक्षर उभं, वाद घालायला कुठेही जागा नाही. मी लिहिला असता तर शब्दशः असाच शेरा लिहिला असता. खिडकीच्या या बाजूला उभं राहणं म्हणजे काय असतं, हे मात्र मला कोणी सांगितलं नव्हतं. लोक सांगत होते म्हणा चौतीस वर्षं, माझंच लक्ष नव्हतं. परवानगीची मुदत संपायला तेव्हा तेवीस दिवस उरले होते.

तिथून मुलांच्या डॉक्टरांकडे. त्यांना म्हटलं, घोट्यावर तीळ नसल्याचा दाखला हवा. डॉक्टर शांत गृहस्थ आहेत. ते म्हणाले की जे आहे त्याचा दाखला मी देतो, जे नाही त्याचा दिला तर मला शेपूट नसल्याचा आणि शिंग नसल्याचाही द्यावा लागेल, आणि मग कागद पुरायचा नाही. मी त्यांना नियम सांगायला लागलो. त्यांनी मला पाणी दिलं. मग त्यांनी साहेबांना टेबलावर पालथं घातलं आणि पायापासून वर शोधत निघाले, आणि मानेमागे, केस सुरू होतात तिथे, बोटाच्या पेराएवढा एक गुलाबी डाग निघाला. जन्मापासूनचा, अस्सल. साडेचार महिने आम्ही दोघं त्या पोरीला रात्रंदिवस बघत होतो आणि मानेमागे बघायचं कोणाला सुचलं नव्हतं. लेक रडायला लागली. डॉक्टरांना वाटलं ती डागाला घाबरली, म्हणून ते तिची समजूत घालत बसले. दाखला मिळाला.

खुलासा मी घरी बसून लिहिला. पाच पानं, वर संदर्भ, खाली सहपत्रांची यादी. स्टँप-पॅडची हकिकत, शाईचे गुणधर्म, आंघोळींची संख्या, माझ्या सेवेचा तपशील. खिडकी नंबर चारच्या बाईंनी पहिलं पान अर्धं वाचलं, पाचही पानं नीट जुळवून मला परत दिली आणि एक कोरा कागद पुढे सरकवला. म्हणाल्या, "काका, एवढं नको. चूक झाली, दुरुस्त करावी, एवढंच लिहा आणि सही करा." मी उभाच राहिलो. माझ्या मागे रांग होती. ताई, हे वाक्य मी चौतीस वर्षांत शेकडो लोकांकडून लिहून घेतलं असतं तर त्यांची कामं त्याच दिवशी झाली असती, पण मी त्यांच्याकडून प्रतिज्ञापत्रं मागत राहिलो. मी लिहिलं, 'चूक झाली, दुरुस्त करावी.' बाईंनी ते वाचलं, शिक्का मारला आणि म्हणाल्या, मुदत कधीची आहे? मी तारीख सांगितली. त्या म्हणाल्या, बघते. 'बघते' या शब्दावर माझा काडीचाही विश्वास नव्हता, कारण मीही तो रोज वापरत असे. पण त्या खरंच बघणाऱ्यांपैकी निघाल्या.

आज बरोबर नवव्या दिवशी पोस्टमन आला. लेक आंघोळीला गेली होती. तो म्हणाला, ज्यांच्या नावाचं आहे त्यांनाच देणार. मी मोठ्या साहेबांना उचलून दारात आणलं. त्याने पाकिटावरचं नाव वाचलं, त्यांच्याकडे बघितलं आणि मला म्हणाला, आजोबा, तुम्हीच सही करा. मी सही केली. रेघेच्या वर गेली, पण तो काही बोलला नाही. मग मी पाकीट आणि नात दोन्ही घेऊन तिथेच चपलांच्या कपाटावर बसलो. छातीवरचा धोंडा उतरला, असं लोक म्हणतात ना, ते मला आज समजलं. लेक बाहेर आली, तिने पाकीट पाहिलं, आणि ओल्या केसांनीच तिने जावयाला फोन लावला. तो नेहमीप्रमाणे काही बोलला नाही, पण बराच वेळ त्याने फोनही ठेवला नाही. साहेबांनी पासपोर्टचा एक कोपरा चाखून पाहिला. किंचित ओला झाला आहे, पण अक्षरं शाबूत आहेत.

असो. पत्र फार लांबलं. तू नेहमी म्हणतेस की माझं पत्र आलं की आधी चहा ठेवावा लागतो. भाऊजींना जपायला सांग, तूही जप. लेकीचा नमस्कार, साहेबांनी पाय आपटून दाखवला आहे.

तुझा धाकटा भाऊ

ता. क. तू पाठवलेलं झबलं साहेबांना नीट बसलं. बटणं पाठीमागे आहेत ते फार बरं केलंस, पुढे असती तर आतापर्यंत खाऊन टाकली असती.

ता. क. २. पत्र बंद करायला घेतलं आणि तसंच ठेवलं. वर मी चष्म्याचं लिहिलं आहे ते खोडून वाच. चष्मा नाकावर होता. तो थेंब शाईचा आहे हे मला रकाना भरतानाच माहीत होतं, शाई मीच सांडली होती. ओळखखूण प्रत्यक्ष तपासतात हेही माहीत होतं. मोठी चूक लगेच सापडते आणि लगेच सुधारते. लहान, निरुपद्रवी चूक फाइलला दोन-तीन महिने आरामात अडवते, हे माझ्याइतकं कोणाला ठाऊक असणार? मला फार नको होतं गं. तिला दात आलेले बघावेत, रांगताना बघावं, एवढंच. परवानगीची मुदत काय, कचेऱ्या वाढवून देतात, असं मी स्वतःला सांगितलं. मग जावई त्या एवढ्याशा पलंगात बसलेला डोळ्यांसमोर आला आणि मला माझी लाज वाटली. पण तोवर फाइल माझ्या हातात राहिली नव्हती. आज पासपोर्ट आला तेव्हा सगळ्यांत जास्त सुटलो तो मी. लेकीला यातलं काही सांगू नकोस. मला वाटतं तिला माहीत आहे.

ता. क. ३. विमान या महिन्याच्या सव्वीस तारखेला सकाळी अकराचं आहे. तू पंचविसालाच ये. गुडघा दुखत असला तरी ये, मी न्यायला येतो. विमानतळावर येऊ नकोस, घरीच थांब. त्यांना सोडून मी दुपारी दोनपर्यंत परत येईन. तेव्हा दार मला किल्लीने उघडायचं नाही. तू आतून उघड.